काळी शेवई: मेंदूच्या पेशींवरून झालेलं शंभर वर्षांचं भांडण

(कॅमेऱ्यासमोर, हातात वाटी)

नमस्कार मंडळी. हातात वाटी दिसतेय, पण हा रेसिपीचा व्हिडिओ नाही. शेवयांची खीर आहे, जरा घट्टच झालीये. आता मला सांगा, चमचा न लावता, नुसतं बघून यातली एक शेवई दाखवता येईल का? म्हणजे तिचं एक टोक कुठे, दुसरं टोक कुठे? नाही येणार. सगळ्या एकाच रंगाच्या, एकमेकींत गुंतलेल्या. दोन शेवया खरंच चिकटल्यात की नुसत्या टेकल्यात, तेही कळत नाही.

एकोणिसाव्या शतकात मेंदूचा अभ्यास नेमका इथे अडला होता. शरीर पेशींचं बनलेलं असतं हे श्लायडेन आणि श्वान यांनी १८३८-३९ मध्येच मांडलं होतं. सूक्ष्मदर्शकही बऱ्यापैकी होते. पण मेंदूचा काप काचेखाली ठेवला की दिसायची खीर! कार्माइन नावाचा लाल रंग लावला तर पेशींचे ठिपके उठून दिसायचे. त्यातून निघालेले धागे थोडे पुढे जायचे आणि मग गर्दीत हरवायचे. मग १८७१ मध्ये योसेफ फॉन गेरलाख या जर्मन शास्त्रज्ञानं सांगून टाकलं, की हे धागे एकमेकांत मिसळलेलेच आहेत. मेंदू म्हणजे एक अखंड जाळं. बाकी शरीर पेशींचं असेल, मेंदू अपवाद.

आता आपला पहिला माणूस. याचं नाव तुम्ही सगळ्यांनी लिहिलंय. शाळेत पेशीची आकृती काढताना एका कोपऱ्यात थरथर असलेल्या पिशव्या काढायचो ना आपण? गॉल्जी संकुल. तोच हा, कामिल्लो गॉल्जी. जन्म १८४३, इटलीतला. हिवतापाचे जंतू रक्तात ज्या वेळापत्रकानं वाढतात, त्याच वेळापत्रकानं थंडी वाजून ताप भरतो, हेही यानंच १८८५-८६ मध्ये दाखवलं. म्हणजे रोनाल्ड रॉसला सिकंदराबादेत डासात हिवतापाचा जंतू सापडायच्या दहाएक वर्षं आधी. पण तो वेगळ्या व्हिडिओचा विषय.

१८७२ मध्ये गॉल्जीला नोकरी लागली मिलानजवळच्या आब्बियातेग्रास्सो गावात, बऱ्या न होणाऱ्या रुग्णांच्या इस्पितळात. पगार बरा, संशोधनाची सोय शून्य. मग यानं काय केलं, तर तिथल्या एका स्वयंपाकघराचीच प्रयोगशाळा केली. आणि तिथे १८७३ च्या सुरुवातीला त्याला ती कृती सापडली.

कृती ऐका, फार लांब नाही. मेंदूचा तुकडा पोटॅशियम डायक्रोमेटच्या द्रावणात ठेवायचा. ताजा मेंदू लोण्यासारखा मऊ असतो, कापताच येत नाही, तो यात टणक होतो. काही दिवसांनी बाहेर काढून सिल्व्हर नायट्रेटमध्ये बुडवायचा. आतला क्रोमेट आणि बाहेरून आलेली चांदी यांची गाठ पडते, सिल्व्हर क्रोमेटचे काळपट कण तयार होतात आणि पेशीच्या आत भरत जातात. काप काचेवर घ्या: पिवळसर पारदर्शक जमीन, आणि तिच्यावर शाईनं काढल्यासारखी एक अख्खी चेतापेशी. तिच्या वृक्षिका, म्हणजे झाडासारख्या आखूड फांद्या, तिचा अक्षतंतू, म्हणजे लांब धागा, फांदीला फुटलेली फांदी, सगळं.

पण यातली खरी गंमत अशी, की ही कृती बहुतेक पेशींवर चालतच नाही. शंभरातल्या जेमतेम दोन-चार पेशी काळ्या होतात, बाकीच्या दिसतही नाहीत. त्याच दोन-चार का, शेजारची का नाही, याचं पूर्ण उत्तर आजही मिळालेलं नाही. आणि हेच आपलं नशीब! सगळ्या पेशी काळ्या झाल्या असत्या तर काचेवर नुसता डांबराचा गोळा दिसला असता. (वाटी कॅमेऱ्याजवळ) या वाटीत एकच शेवई काळी असती, तर तिचा माग काढणं किती सोपं झालं असतं, बघा.

गॉल्जीनं ती काळी शेवई जगात पहिल्यांदा बघितली. आणि बघून काय म्हणाला? जाळंच आहे.

हसू नका. त्याच्याकडे कारणं होती. अक्षतंतूला बाजूच्या फांद्या फुटतात हे त्यानंच पहिल्यांदा पाहिलं होतं, आणि इतक्या फांद्या शेवटी कुठेतरी एकमेकींना मिळत असणार, हे त्याला पटलं. वृक्षिका त्याला रक्तवाहिन्यांच्या आसपास दिसल्या, म्हणून त्यांचं काम पेशीला अन्न पोचवायचं, असा त्याचा समज. शिवाय मेंदूच्या अमुक भागाचं अमुकच काम, ही त्या काळी जोर धरत असलेली कल्पना त्याला मान्य नव्हती. मेंदू एकसंध काम करतो, असं त्याचं मत होतं. एकसंध मेंदूला अखंड जाळं शोभून दिसतं. माझ्या मते चूक इथे झाली. काचेत बघायच्या आधीच उत्तर थोडं ठरलेलं होतं.

पुढची बरीच वर्षं ही कृती इटलीबाहेर फारशी कुणी वापरली नाही. वापरणाऱ्यांत एक नाव मात्र भन्नाट आहे: फ्रिट्यॉफ नान्सेन. हो, तोच, उत्तर ध्रुवाच्या बर्फात जहाज गोठवून घेणारा आणि पुढे १९२२ चं शांततेचं नोबेल मिळवणारा. त्याचा १८८७ चा डॉक्टरेटचा प्रबंध मज्जासंस्थेच्या अभ्यासावर आहे, आणि त्यासाठी तो इटलीतल्या पाव्हियाला गॉल्जीकडे जाऊन आला होता.

आता दुसरा माणूस. खरं सांगू? हा व्हिडिओ मी याच्यासाठीच करतेय.

सान्तियागो रामोन इ काहाल. जन्म १८५२, स्पेनच्या पेतिया दे आरागोन या खेड्यात. वडील शल्यवैद्य, शिस्तीचे कडक. पोरगा अवली. अकरा वर्षांचा असताना यानं लाकडी ओंडका पोखरून घरी तोफ बनवली आणि शेजाऱ्याच्या फाटकावर डागली. फाटक गेलं, आणि स्वारी काही दिवस चक्क तुरुंगात. त्याला व्हायचं होतं चित्रकार. वडिलांच्या लेखी चित्रकला म्हणजे रिकामटेकडेपणा. पोरगा ऐकेना म्हणून त्याला कधी न्हाव्याच्या हाताखाली ठेवलं, कधी चांभाराच्या.

मग वडिलांनी एक अजब युक्ती काढली. १८६८ च्या उन्हाळ्यात ते त्याला स्मशानात घेऊन गेले, शरीरशास्त्र शिकवायला. वर आलेली हाडं गोळा करायची, घरी आणायची, अभ्यास करायचा. पोरानं कागद-पेन्सिल काढली आणि हाडांची चित्रं काढायला बसला. अशा रीतीनं दोघांचंही समाधान झालं.

डॉक्टर झाल्यावर तो सैन्यातून क्यूबाला गेला, तिथे हिवतापानं खंगला, १८७५ मध्ये परत आला. सैन्यातल्या पगारातून साठलेल्या पैशांत सूक्ष्मदर्शक घेतला. पुढे व्हॅलेन्सियात प्राध्यापक झाला. तिथे १८८५ मध्ये कॉलऱ्याची साथ आली, तिच्यावर त्यानं काम केलं, आणि बक्षीस म्हणून सारागोसाच्या सरकारनं त्याला झाइसचा उत्तम सूक्ष्मदर्शक दिला. मानपत्र आणि शाल-श्रीफळ देऊन बोळवण केली नाही, हे आपल्या सगळ्यांवर उपकार.

१८८७ मध्ये माद्रिदला लुईस सिमार्रो नावाच्या मनोविकारतज्ज्ञाच्या घरी काहालनं गॉल्जीच्या पद्धतीचा काप पहिल्यांदा पाहिला. चौदा वर्षं जुनी कृती, आणि हा चित्रकार तिच्यासमोर थक्क होऊन उभा. त्याच वर्षी तो बार्सिलोनाला गेला आणि झपाटल्यासारखा कामाला लागला. बुद्धिबळाचं व्यसन होतं, तेही सोडलं.

पण नुसत्या मेहनतीनं हे झालं नसतं. त्यानं दोन गोष्टी बदलल्या. एक, तुकडा चांदीत एकदा बुडवून न थांबता सगळं परत केलं, म्हणजे रंग जास्त पक्का. दुसरी जास्त महत्त्वाची. पूर्ण वाढ झालेल्या प्राण्याच्या अक्षतंतूवर मायलिनचं चरबीचं वेष्टण असतं आणि त्यातून चांदी आत जात नाही, म्हणून धागा मध्येच दिसेनासा होतो. नेमका जिथे गॉल्जीनं जाळं गृहीत धरलं होतं तिथेच! काहालनं विचार केला, वेष्टण चढायच्या आधीच बघू. त्यानं पक्ष्यांची भ्रूणं घेतली, नुकती जन्मलेली पिल्लं घेतली. वाढलेल्या रानात वाट शोधण्यापेक्षा रोपवाटिकेत गेला म्हणा ना.

आणि पक्ष्याच्या अनुमस्तिष्कात, म्हणजे डोक्याच्या मागच्या बाजूच्या लहान मेंदूत, त्याला धाग्यांची टोकं दिसली. धागा पुढच्या पेशीजवळ जातो, तिच्याभोवती टोपली विणल्यासारखा गुंडाळतो आणि संपतो. आणखी काही धागे खोडावर चढलेल्या वेलासारखे पुढच्या पेशीवर चढत जातात. वेल झाडाला कितीही बिलगला तरी वेल वेगळा, झाड वेगळं.

(स्क्रीनवर काहालची आकृती)

हे छापणार कोण? त्यानं १८८८ च्या मे महिन्यात स्वतःच्या खर्चानं नियतकालिक काढलं, साठ प्रती छापल्या आणि युरोपभरच्या शास्त्रज्ञांना पाठवल्या. पण सगळं स्पॅनिशमध्ये. कोण वाचणार? मग १८८९ मध्ये साठवलेले पैसे मोडून तो काचांची पेटी घेऊन बर्लिनच्या संमेलनात पोचला. मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये एकेकाला बोलवून सूक्ष्मदर्शकाशी बसवू लागला. त्यात होते बहात्तर वर्षांचे अल्बर्ट फॉन क्योलिकर, या विषयातले त्या काळचे भीष्माचार्य, आणि स्वतः जाळंवाले. त्यांनी काचा बघितल्या आणि मत बदललं. त्या वयात! पुढे काहालचे लेख वाचता यावेत म्हणून ते स्पॅनिशही शिकले.

चेतापेशीसाठीचा ‘न्यूरॉन’ हा शब्द मात्र काहालचा नाही. तो १८९१ मध्ये विल्हेल्म वाल्डायर या जर्मन शरीरशास्त्रज्ञानं आणला, दुसऱ्यांचं काम एकत्र मांडणाऱ्या लेखात. ‘क्रोमोसोम’ हा शब्दही त्याचाच. बारसं करण्यात माणूस पटाईत.

काहालच्या आकृत्यांत आणखी एक गोष्ट नीट बघा: बारीक बाण. संदेश वृक्षिकांतून आत येतो आणि अक्षतंतूतून बाहेर जातो, असं तो सांगत होता. गॉल्जीनं ज्यांना अन्ननळ्या समजलं, त्या वृक्षिका याच्या लेखी मेंदूचे कान होते. आणि या आकृत्या म्हणजे काच बघून केलेला ट्रेसिंगचा उद्योग नव्हे. तो तासन्‌तास बघायचा आणि पुष्कळदा मग आठवणीतून काढायचा, अनेक काचांवरचं एका कागदावर आणून. आज कुणी असं केलं तर शोधनिबंध परत येईल, आणि ते बरोबरच आहे. पण या माणसाचा हात खोटं बोलला नाही.

आता १९०६. स्टॉकहोम. वैद्यकशास्त्राचं नोबेल पहिल्यांदाच दोघांत विभागून दिलं गेलं, आणि ते दोघे म्हणजे हेच! ११ डिसेंबरला गॉल्जीचं व्याख्यान. त्रेसष्ट वर्षांचा, इटलीच्या संसदेचा सदस्य, मोठा माणूस. त्यानं विषय निवडला न्यूरॉनचा सिद्धान्त, म्हणजे प्रत्येक चेतापेशी सुटी असते हे काहालचं म्हणणं, आणि सुरुवातीलाच सांगितलं की मी याच्या कायम विरोधात आहे आणि आता या सिद्धान्ताची चलती ओसरत चालली आहे. दुसऱ्या दिवशी काहालनं तोच सिद्धान्त मांडला. स्वभावानं इतक्या वेगळ्या दोन विरोधकांना खांद्याला जोडलेल्या सयामी जुळ्यांसारखं एकत्र बांधणारी नियतीची क्रूर थट्टा, असं त्यानं पुढे आत्मचरित्रात लिहिलं.

बरोबर कोण होतं हे दोघांनाही डोळ्यांनी बघता आलं नाही. दोन चेतापेशींमधली फट साधारण २० नॅनोमीटर, म्हणजे एका मिलिमीटरचे पन्नास हजार भाग केले तर त्यातला एक. प्रकाशाच्या सूक्ष्मदर्शकात ती दिसूच शकत नाही. काहालनं फट पाहिली नव्हती, टोकं पाहिली होती. १९५० च्या दशकात इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकानं ती फट दाखवली. गॉल्जी १९२६ मध्येच गेला होता, काहाल १९३४ मध्ये.

इथे व्हिडिओ संपायला हवा होता. पण १९५९ मध्ये फर्शपान आणि पॉटर या शास्त्रज्ञांनी गोड्या पाण्यातल्या क्रेफिश या कोळंबीसारख्या जीवामध्ये दाखवलं, की काही चेतापेशींमध्ये वीज थेट इकडून तिकडे जाते. तिथे पेशी वेगळ्या असतात, पण मधून बारीक बोळ असतात. आणि २०२३ मध्ये तर कहर झाला. टेनोफोर नावाचा एक समुद्री जीव आहे, दिसायला जेलीफिशसारखा पारदर्शक, पण जेलीफिश नव्हे. त्याच्या कातडीखालचं मज्जाजाल इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकानं कापाकापानं तपासलं, तर तिथे पेशींचे धागे खरोखरच एकमेकांत मिसळलेले निघाले. मध्ये फट नाही, पडदा नाही. अखंड जाळं.

गॉल्जी बघत होता माणसांचे आणि सस्तन प्राण्यांचे मेंदू. जाळं होतं समुद्रात.

(वाटीकडे बघत) गार झाली पार. पुढच्या भागात ती २० नॅनोमीटरची फट संदेश ओलांडतो कसा, ते बघू. तिथेही दोन तट पडले होते, विजेवाले आणि रसायनवाले. तोवर मी ही संपवते.