बारा रेषांचा घन

घनाच्या कडा म्हणून सपाट कागदावर फक्त 12 रेषा ओढल्या, तरीही आपल्याला तिथे घन दिसतो. नजर थोडा वेळ स्थिर ठेवली, की त्याची पुढची बाजू मागे जाते आणि मागची पुढे येते. रेषा मात्र जागच्या हललेल्या नसतात. स्विस स्फटिकशास्त्रज्ञ लुई आल्बेर नेकर यांनी स्फटिकांची चित्रे न्याहाळताना आलेला हा अनुभव 1832 मध्ये नोंदवला. या रेषा दोन वेगवेगळ्या घनांचे चित्र असू शकतात आणि त्यांतला कोणता खरा, हे ठरवणारी खोली कागदावर नाहीच. म्हणून मेंदू एकदा हा अर्थ घेतो, एकदा तो. या नुसत्या रेषा आहेत, एवढ्यावर थांबणे त्याला सहसा जमत नाही.

आपले सगळेच पाहणे असे आहे. दृष्टिपटल, म्हणजे डोळ्यातला प्रतिमा उमटते तो पडदा, हा शेवटी एक पृष्ठभाग असल्यामुळे त्यावरच्या प्रतिमेला लांबी-रुंदी असते, खोली नसते. जवळचे ढेकूळ आणि दूरचा डोंगर तिथे सारखीच जागा व्यापू शकतात. ब्रिटिश शास्त्रज्ञ चार्ल्स व्हीटस्टन यांनी 1838 मध्ये किंचित भिन्न अशी दोन सपाट चित्रे, दोन आरशांच्या साहाय्याने, एकेका डोळ्याला स्वतंत्रपणे दाखवली आणि पाहणाऱ्याला त्यांतून भरीव वस्तू दिसली. डोळ्यांमधले सुमारे 6 सेंटिमीटरचे अंतर आणि त्यामुळे प्रतिमांत पडणारा फरक, एवढ्या पुराव्यावरही मेंदू तिसरी मिती उभी करतो. आपल्याकडच्या तर्कशास्त्राने प्रत्यक्ष आणि अनुमान ही दोन निराळी प्रमाणे, म्हणजे ज्ञान मिळवण्याची साधने, मानली. इथे तर प्रत्यक्षाच्याच पोटात अनुमान दडलेले आहे.

हे अनुमान सरावावर चालते, आणि चौथ्या मितीपाशी सरावच संपतो. टेसरॅक्ट, म्हणजे चार मितींतला घन, याला 16 शिरोबिंदू, 32 कडा आणि बाजूंच्या जागी 8 घन असतात. गणिताला त्यात काहीच अवघड नाही. आपल्याला मात्र त्याची फार तर त्रिमितीय सावली मिळते, आणि सपाट पडद्यावर तर सावलीचीही सावली. त्या सावलीत मोठ्या घनाच्या आत लहान घन दिसतो, पण टेसरॅक्टचे सगळे घन सारख्याच मापाचे आहेत. समोरून काढलेल्या खोक्याच्या चित्रात मागची बाजू लहान दिसली, तर आपण फसत नाही, कारण खोकी आपण हाताळलेली असतात. ही आकृती फिरू लागली, की आतला घन फुगत बाहेर येतो आणि बाहेरचा आक्रसून आत शिरतो, असे वाटते. प्रत्यक्षात टेसरॅक्टच्या एकाही कडेची लांबी बदललेली नसते.