काळ्या पडद्यामागची फट

पडदा काळाच आहे. फोन बंद वाटतो, पण नाही. केबलच्या दुसऱ्या टोकाला संगणकाने त्याला ओळखलंय. २०१० सालचा हा आयफोन ४ आत्ता डीएफयू मोडमध्ये आहे, म्हणजे नवं सॉफ्टवेअर चढवून घ्यायच्या अवस्थेत. त्याचा जेलब्रेक करायचाय, म्हणजे ॲपलची बंधनं तोडून हवं ते सॉफ्टवेअर चढवायचंय.

इथवर येणं म्हणजे बोटांची कसरत. पॉवर आणि होम एकत्र दाबा, दहा सेकंद मोजा, पॉवर सोडा, होम मात्र धरूनच ठेवा. किंचित चुकलं की ॲपलचा लोगो उजळतो आणि पुन्हा पहिल्यापासून.

फोन सुरू होताना सगळ्यात आधी जागा होतो तो बूटरॉम, ए४ चिपमध्ये कारखान्यातच कोरलेला छोटा प्रोग्रॅम. पुढचं सॉफ्टवेअर ॲपलच्या सहीचं आहे ना, एवढंच तो बघतो. नवी आवृत्ती आली की काही काळाने ॲपल जुनीवर सही करणं थांबवते. मग जुनी फाइल हाताशी असूनही ती फोनवर पुन्हा चढवता, म्हणजे रिस्टोअर करता, येत नाही.

ऑक्टोबर २०१० मध्ये हॅकर जॉर्ज हॉट्झने ‘लाइमरेन’ प्रसिद्ध केलं. पहारेकऱ्यालाच गुंगारा देणारी ही युक्ती. गंमत अशी, की कोरलेलं अपडेटने पुसता येत नाही. ही फट चिपच्या जन्माची. पुढे २०१९ मध्ये ‘चेकमेट’ ही अशीच युक्ती आली, तेव्हा आयफोन ४एसपासून आयफोन टेनपर्यंतच्या चिपांची हीच गत झाली.

आता फर्मवेअर, म्हणजे फोनचं मूळ सॉफ्टवेअर. ते ज्यात येतं ती आयपीएसडब्ल्यू म्हणजे खरं तर झिप फाइल. प्वनेजटूल किंवा स्नोब्रीझसारखं साधन ती उघडतं, आत सिडिया (ॲपलबाहेरची ॲप्स मिळवून देणारं ॲप) ठेवतं आणि पुन्हा बांधतं. माझ्या मते खरी कारागिरी मात्र गाळण्यात आहे. मोबाइल नेटवर्क सांभाळणाऱ्या बेसबँडचं अपडेट यातून वगळतात. ते एकदा चढलं, की सॉफ्टवेअरने केलेलं सिम अनलॉक हातचं जाण्याची भीती.

विंडोजवर शिफ्ट दाबून आयट्यून्समध्ये ‘रिस्टोअर’, आणि ही बांधलेली फाइल निवडायची. आतला डेटा पुसला जाणार, हे गृहीत धरा. लाइमरेनने फट न उघडताच घाई केलीत, तर एरर १६०० समोर उभी.

आणखी एक खोड. फर्मवेअरमध्ये अनटेदर, म्हणजे संगणकाविना सुरू होण्याची सोय, नसेल, तर बॅटरी संपली की जेलब्रेक केलेला हा फोन संगणकाशिवाय उठतच नाही.

हा उठलाय. पट्टी भरली. दुसऱ्या पानावर सिडियाचा तपकिरी आयकॉन. वर कोपऱ्यात: नो सिम.