साडेसतरा मीटरचा रोल

पॅरिस, १९५९. शाँझेलिझेच्या फुटपाथवरून नायक-नायिका बोलत चालली आहेत. त्यांच्या पुढे टपालाची ढकलगाडी, आणि तिच्यात कॅमेरा घेऊन दडलेला छायालेखक राऊल कुतार. वळून पाहणारे लोक खरे आहेत, एक्स्ट्रा नव्हेत.

दिग्दर्शक ज्याँ-लुक गोदारच्या 'ब्रेथलेस' या चित्रपटाचं हे चित्रीकरण. स्टुडिओत कॅमेऱ्याची घरघर ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून त्याला जड कवच चढवत. मग तो हातात धरणं अशक्य. म्हणून ट्रॉली आली, रूळ आले, ढकलणारी माणसं आली. खर्च वाढायचा तो असा. गोदारनं कवचच नाकारलं. त्याचा कॅमेफ्लेक्स हा हलका कॅमेरा भरपूर आवाज करायचा, म्हणून संवाद नंतर डब केले. ट्रॉलीऐवजी चाकांची खुर्ची. कुतार बसायचा, गोदार ढकलायचा.

खरी पंचाईत रात्रीची. लाइट लावायचे नाहीत आणि सिनेमाची फिल्म तेवढ्या उजेडात चालेना. फोटोग्राफरांची इल्फर्ड एचपीएस ही फिल्म ४०० एएसएची होती (एएसए म्हणजे फिल्मची प्रकाश टिपण्याची क्षमता; आकडा मोठा तितका कमी उजेड पुरतो), पण यायची साडेसतरा मीटरच्या रोलमध्ये. सेकंदाला २४ फ्रेम्सनं असा रोल ३८ सेकंदांत संपतो. सात रोल जोडले की कुठे साडेचार मिनिटं मिळतात. शिवाय तिच्या कडेची भोकं सिनेमाच्या फिल्मपेक्षा वेगळी. त्यातल्या त्यात जमवून घेतलं ते कॅमेफ्लेक्सनंच. डेव्हलपिंग वाढवून फिल्म ८०० पर्यंत ताणली. असं ताणलं की चित्रातला दाणा जाड होतो, तो त्यांनी चालवून घेतला.

पहिलं संकलन फारच लांबलं. दीड तासात बसवताना अख्खे प्रसंग गाळण्याऐवजी शॉटच्या पोटातून तुकडे कापले. गाडीत नायिका पॅट्रिशियाची मान जागेवरच राहते, मागचं पॅरिस मात्र उड्या मारतं.

पैशांची वाट क्लोद शाब्रोल या दुसऱ्या नवख्या दिग्दर्शकानं आधीच काढली होती. पत्नीच्या वारशातून त्यानं सारदाँ गावात 'ल बो सेर्ज' केला आणि त्याला मिळालेल्या सरकारी अनुदानावर पुढचा चित्रपट उभा केला. पाठोपाठ निर्माते नवख्या दिग्दर्शकांकडे धावले. त्यातले बरेच चित्रपट आपटले. हलक्या कॅमेऱ्यानं कच्ची पटकथा सावरत नाही.

गंमत म्हणजे गोदार लवकरच स्टुडिओत शिरला. १९६१च्या 'अ वूमन इज अ वूमन'मध्ये त्याला चित्रीकरणावेळीच आवाज हवा होता. घराचा सेट लागला, पण त्याला त्यानं छत घालायला लावलं. स्टुडिओचे लाइट तर वरूनच टांगलेले असायचे.