'बिलिजरंटली' म्हणजे नुसतं रागाने नव्हे

नमस्कार मंडळी! देवगडच्या बंदरावरून बोलतेय. मागे गलका ऐकू येईल, त्याला इलाज नाही. बोटी नुकत्याच लागल्यात आणि लिलाव सुरू आहे. खरं तर या गलक्यासाठीच आज इथे आलेय, कारण आजचा शब्द घरात बसून शिकवला तर अर्धाच कळतो. शब्द आहे, बिलिजरंटली.

स्पेलिंग पटकन उरकू. बी, ई, डबल एल, आय, जी, ई, आर, ई, एन, टी, एल, वाय. गोची दोनच ठिकाणी होते. एक तर एल एकदाच लिहितात, नाहीतर आर नंतर ए घालतात. तिथे ए नाही, ई आहे. उच्चार करताना पहिलं अक्षर ओझरतं, सगळा जोर 'लि'वर. शाळेची बेल वाजवल्यासारखं 'बेऽलिजरंट' म्हणू नका.

आता अर्थ. डिक्शनरीत 'आक्रमकपणे', 'भांडखोरपणे' असं काहीतरी सापडेल. चूक नाही ते. पण तेवढ्या भांडवलावर वाक्य करायला गेलात की फसता, कारण 'आक्रमक' हा शब्द आपण मराठीत कुठेही चिकटवतो. विरोधक आक्रमक, ग्रामस्थ आक्रमक, फलंदाज आक्रमक. बिलिजरंटली इतका सैल नाही. माणूस चिडलाय, एवढ्याने भागत नाही. त्याला भांडण हवंय. तुम्ही एक शब्द बोलाल कधी आणि तो तुटून पडेल कधी, याची तो वाट बघतोय. 'अंगावर येणं', 'कुरापत काढणं', 'बाह्या सरसावून उभं राहणं' हे आपण म्हणतो ना, तो सगळा आव या एका क्रियाविशेषणात आहे.

मागे बघा जरा. (कॅमेरा लिलावाकडे वळवते. काकींना विचारूनच वळवलाय हं!)

हिरव्या साडीतल्या त्या काकी. समोर सुरमई. गिऱ्हाईक म्हणतंय, "ही हजाराक? डोळो तरी बघ तिचो!" काकी काही न बोलता सुरमईचा कल्ला बोटाने वर करतात, आतला लालभडक रंग गिऱ्हाइकाच्या नाकासमोर धरतात आणि मग ओरडतात, "घेवची आसात तर घे, नायतर फुडे सर!" मुंबईहून आलेला पाहुणा इथे दोन पावलं मागे सरकेल. त्याला वाटेल आता जुंपली. आणि पुढच्या क्षणाला बघा, पैसे निघाले, मासा पिशवीत गेला आणि गिऱ्हाईक विचारतंय, "चेडू काय करता तुझा?" म्हणजे, मुलगी काय करते तुझी?

काकी बिलिजरंटली बोलल्या का? मुळीच नाही. आवाज मोठा होता, शब्द तिखट होते, पण भांडण दोघांपैकी कोणालाच नको होतं. एकीला मासा विकायचा होता, दुसऱ्याला घ्यायचा होता. वारा आणि इंजिनाचा धडधडाट यांच्यावर मात करून बोलायची सवय असलेल्या गावात साध्या गजाली, म्हणजे गप्पासुद्धा, चढ्या आवाजातच होतात.

आता दुसरा प्रसंग. हा मी चित्रित केलेला नाही, आणि केला असता तरी दाखवला नसता. मघाशी बर्फाचा टेम्पो आला. वाटेत एक दुचाकी आडवी लावलेली, मालक तिच्यावरच बसलेला. टेम्पोवाला म्हणाला, "वायच बाजूक घे रे." साधं बोलणं. मालक गाडीवरून उतरला, टेम्पोच्या दाराशी गेला, हनुवटी वर केली आणि म्हणाला, "नाय घेवचंय. काय करतलंस?"

त्याचा आवाज काकींच्या निम्मासुद्धा नव्हता. पण हे खरं बिलिजरंटली. इंग्रजीत म्हणाल, 'ही रिफ्यूज्ड बिलिजरंटली.' गाडी हलवली नाही हे 'रिफ्यूज्ड'मध्ये आलं. ते अंगावर जाणं, ती वर केलेली हनुवटी, ते आव्हान, हे सगळं बिलिजरंटलीमध्ये आलं.

आणि यातच माझी कसोटी आहे. वाक्याच्या शेवटी, न बोललेलं का होईना, 'काय करशील?' बसतं का बघायचं. 'काय करतलंस?' म्हणा, मालवणीत अधिक चांगलं बसतं. बसलं तर बिलिजरंटली चालेल. नाही बसलं तर दुसरा शब्द शोधा.

लावून बघू. बाबा परीक्षेच्या निकालावर रागावले. तिथे 'काय करशील?' बसतं का? नाही. ते 'अँग्रिली'. वीरेंद्र सेहवाग पहिल्या चेंडूपासून तुटून पडायचा. ते 'ॲग्रेसिव्हली', आणि ती स्तुती आहे. दुकानदार ॲग्रेसिव्हली जाहिरात करतो, डॉक्टर एखाद्या आजारावर ॲग्रेसिव्हली उपचार करतात. या कुठल्याही जागी बिलिजरंटली टाकून बघा. डॉक्टर आजाराऐवजी पेशंटशीच भांडायला उठलेत असं वाटेल! विजेच्या तारेवर बसणारा काळा, दुभंगलेल्या शेपटीचा कोतवाल पक्षी तुम्ही पाहिला असेल. घरट्याजवळ घार आली तर स्वतःच्या कितीतरी पट मोठ्या घारीच्या पाठी लागतो. तिथेही मी ॲग्रेसिव्हलीच लिहीन. कोतवालाला भांडणाची हौस नाही, त्याला पिल्लं वाचवायचीत. लेखक मंडळी कधीकधी कोंबड्याला, बोक्याला बिलिजरंट म्हणतात, पण तिथे त्या प्राण्याला माणसाचा तोरा चिकटवायचा असतो.

समुद्राला, वादळाला, पावसाला मात्र हा शब्द लावू नका. त्यांना कोणाशी भांडण नको असतं.

'डिफायंटली' आणि बिलिजरंटली यांतला फरक जास्त नाजूक आहे. 'डिफायंटली' ऐकायला जवळचा वाटतो, कारण दोन्हीकडे माणूस 'नाही' म्हणतोय. फरक समजायला वेंगुर्ल्याजवळच्या शिरोड्याला चला. १९३० साली तिथे मिठाचा सत्याग्रह झाला. सत्याग्रहींनी कायदा मोडला, उघडपणे मोडला. हे डिफायंटली झालं. वरच्याची सत्ता मानायला नकार, होईल ते सोसायची तयारी. पण समोरच्या शिपायाला 'ये, काय करशील?' म्हणून डिवचणं त्यात नव्हतं, तसं करणं सत्याग्रहाच्या कल्पनेतच बसत नाही. म्हणून तिथे बिलिजरंटली लिहिणं म्हणजे इतिहासच उलटा करणं. इंग्रजीत निबंध लिहिणाऱ्या अकरावी-बारावीच्या मुलांनो, हे उदाहरण लक्षात ठेवा.

'हॉस्टाइल', म्हणजे वैरभावाचं, हे थंडही असू शकतं. न बोलता, दार न उघडता माणूस हॉस्टाइल असतो. कोर्टात साक्षीदार फितूर झाला की त्याला हॉस्टाइल म्हणतात, तो काही पिंजऱ्यातून उडी मारून वकिलाच्या अंगावर जात नाही. आणि त्याचं क्रियाविशेषण 'हॉस्टाइलली' जिभेवर इतकं अडखळतं की लोक 'इन अ हॉस्टाइल मॅनर' लिहून मोकळे होतात.

शब्दाचं मूळ लॅटिन. बेल्लुम म्हणजे युद्ध, गेरेरे म्हणजे चालवणं. युद्ध चालवणारा तो बिलिजरंट. 'रिबेल', म्हणजे बंडखोर, हा त्याच बेल्लुमचा नातेवाईक. आणि गंमत म्हणजे आंतरराष्ट्रीय कायद्यात या शब्दाला अजूनही राग चिकटलेला नाही. तिथे बिलिजरंट म्हणजे युद्धात उतरलेला पक्ष, बस्स. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी सुरू झाली तेव्हा ब्रिटनने तटस्थता जाहीर केली आणि त्यातून वेगळं व्हायला निघालेल्या दक्षिणेच्या राज्यांना 'बिलिजरंट' हा दर्जा मिळाला. देश म्हणून मान्यता नाही, फक्त लढणारा पक्ष म्हणून. एवढ्यावरही उत्तरेकडचे भडकले. सप्टेंबर १९३९ मध्ये इटलीने आपण 'नॉन-बिलिजरंट' असल्याचं सांगितलं आणि जून १९४० मध्ये युद्धात उडी घेतली.

आपल्या तालुक्यातलंच उदाहरण हवं तर विजयदुर्ग घ्या. फेब्रुवारी १७५६. समुद्रातून इंग्रजांचं आरमार, जमिनीवरून पेशव्यांची फौज, आणि किल्ला तुळाजी आंग्र्यांचा. कायद्याच्या भाषेत हे तिघेही बिलिजरंट. कोण तावातावाने बोललं, कोण गोड बोललं, याचा काही संबंध नाही. म्हणून युद्धाच्या बातम्यांत 'बिलिजरंट्स' वाचलंत तर 'भांडखोर देश' असं भाषांतर करू नका. पण एखाद्या देशाने 'रिस्पॉन्डेड बिलिजरंटली' असं वाचलंत, तर मात्र त्याने धमकीची भाषा वापरली, युद्धाची खुमखुमी दाखवली, असाच अर्थ.

आता ज्या कारणाने हा व्हिडिओ केला ते सांगते. तारकर्लीकडच्या एका होमस्टेवाल्या दादांचा फोन आला. समुद्र खवळला म्हणून त्यांनी पाहुण्यांचं स्नॉर्कलिंग रद्द केलं होतं. पैसे परत देण्यावरून बोलाचाली झाली. पाहुण्यांनी घरी जाऊन इंग्रजीत रिव्ह्यू लिहिला, त्यात वाक्य होतं, 'द ओनर रिस्पॉन्डेड बिलिजरंटली.' दादांचा जीव वरखाली. मला विचारतात, "ताई, मी त्यांका मारलंय असा लिवलाहा काय?"

नाही हो! मारलं असतं तर 'व्हायोलंटली' लिहिलं असतं, किंवा सरळ 'ही हिट अस'. बिलिजरंटली हात उचलायच्या आधी थांबतं. तोंड, डोळे, छाती, उभं राहण्याची ढब, इथपर्यंतच. तुम्हालाही कधी बँकेत, विमा कंपनीकडे किंवा कुठे इंग्रजीत तक्रार द्यायची वेळ आली तर हा फरक पाळा. नुसती अरेरावी झाली असेल तर व्हायोलंटली लिहू नका, आरोप खोटा ठरेल. आणि खरंच धक्काबुक्की झाली असेल तर बिलिजरंटलीवर थांबू नका, आरोप पातळ होईल.

पण खरी मजा पुढे आहे. दादांनी उत्तराचा मसुदा करून ठेवला होता. 'आय डिड नॉट टच एनीवन.' मी म्हटलं, दादा, हे टाकू नका! हात लावल्याचं कोणी म्हटलेलंच नाही. वाचणाऱ्याच्या मनात उगाच शंका येईल की, अरे, म्हणजे प्रकरण तिथपर्यंत गेलं होतं की काय?

मग मी विचारलं, तुम्ही नेमकं कसं बोललात? तर म्हणे, "ठामपणे बोललंय. समुद्राचो भरवसो नाय, जीव गेलो तर कोण जबाबदार?" आता बघा. त्यांच्या हिशोबाने ते 'फर्मली' बोलले, पाहुण्यांच्या हिशोबाने बिलिजरंटली. दोघंही खोटं बोलत नसतील. हा शब्द नेहमी समोरच्याने दिलेला असतो. 'मी बिलिजरंटली बोललो' असं स्वतःबद्दल कोणी सहसा लिहीत नाही, लिहिलं तर पश्चात्तापाने नाहीतर विनोदाने. त्यामुळे इंग्रजी बातमीत, रिव्ह्यूत, तक्रारीत हा शब्द दिसला की आधी बघा, सांगतंय कोण.

तर आम्ही उत्तर असं केलं. 'आय ॲम सॉरी माय टोन अपसेट यू. द सी वॉज रफ अँड आय हॅड टु बी फर्म अबाउट सेफ्टी.' सूर चुकला असेल तर त्याबद्दल दिलगिरी, निर्णयाबद्दल नाही. आणि 'फर्म' हा आपला शब्द त्यांच्या शब्दाच्या समोर नेऊन ठेवला, वाद न घालता.

व्याकरणाचं एकच सांगते, कारण कॉमेंटमध्ये हीच चूक सारखी दिसते. 'ही बिकेम बिलिजरंटली' असं होत नाही. बिकेम, वॉज, गॉट यांच्यामागे विशेषण येतं. 'ही बिकेम बिलिजरंट.' क्रियापद कृतीचं असेल, म्हणजे सेड, आस्क्ड, डिमांडेड, ग्लेअर्ड, बिहेव्ड, तर 'ली' लागतं. 'ही बिहेव्ड बिलिजरंटली.' विमानात गोंधळ घालणाऱ्या प्रवाशांच्या बातम्यांत दोन्ही रूपं भेटतील, पण विशेषण कितीतरी जास्त वेळा. आणि एक रूप खास आहे, 'बिलिजरंटली ड्रंक'. इथे ते क्रियापदाला नाही, 'ड्रंक' या विशेषणाला लागलंय. काही जण प्यायले की गाणी म्हणतात, काही रडतात, आणि काही रस्त्याच्या मधोमध उभे राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला 'काय बघतंस रे?' विचारतात. तिसऱ्या जातीसाठी हा शब्दप्रयोग.

कथा लिहिणाऱ्यांनो, तुम्हाला एक विनंती. पात्राने 'काय करशील ते कर!' म्हटलंच असेल तर पुढे 'ही सेड बिलिजरंटली' जोडू नका, वाचकाला ते आधीच कळलेलं असतं. शब्द साधे आणि सूर भांडणाचा असेल तिथे तो वापरा. 'गुड मॉर्निंग, ही सेड बिलिजरंटली.' आता हे वाक्य पुढे वाचावंसं वाटतं की नाही?

असं एक वाक्य तुम्ही करा. तोंडचे शब्द अगदी गोड हवेत, आणि पुढे बिलिजरंटली. कॉमेंटमध्ये टाका, देवनागरीत टाकलंत तरी चालेल. स्पेलिंग मी तपासून देईन.