पडल्यावर उठायचं कसं, हे शिकवता येतं

नमस्कार मंडळी. संकटाला तोंड देताना माणूस धीर आणतो कुठून, या विषयावर मला बोलायला सांगितलंय. मी फिजिओथेरपिस्ट आहे. पडलेल्या, लकवा झालेल्या, अंथरुणाला खिळलेल्या माणसांना पुन्हा उभं करणं हे माझं रोजचं काम. म्हणून या विषयाकडे मी शरीराच्या वाटेनंच जाणार आहे. मनाबद्दल मला जे कळलं, तेही याच वाटेनं कळलं.

एखादं वयस्कर माणूस घरात पडतं. हाड मोडत नाही, मुका मार लागतो, काही दिवसांत दुखणं थांबतं. भीती मात्र राहते. मग ते भिंतीला धरून चालू लागतं. पुढे गरजेपुरतंच उठतं, नंतर सोबत कुणी असेल तरच. न वापरल्यामुळे मांड्यांचे स्नायू झडतात, तोल बिघडतो आणि पुन्हा पडण्याची शक्यता आणखी वाढते. पडायला नको म्हणून बसून राहिलं, आणि बसून राहिल्यामुळेच पडणं जवळ आलं. संकटात सापडलेल्या पुष्कळ माणसांचं मला हेच होताना दिसतं. नोकरी गेलेला माणूस ओळखीच्यांचे फोन घेईनासा होतो. परीक्षेत नापास झालेली मुलगी मैत्रिणींना टाळते. पहिला घाव बाहेरून आलेला असतो, पण त्यानंतर जग रोज थोडं थोडं आक्रसत जातं.

यात त्या माणसाचा दोष आहे का? मला तसं वाटत नाही, आणि त्याला कारण आहे. 1967 साली मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मायर या मानसशास्त्रज्ञांनी कुत्र्यांवर एक प्रयोग केला. प्रयोग क्रूर होता, आज तो कुणी करू देणार नाही. काही कुत्र्यांना विजेचे असे झटके दिले, की काहीही केलं तरी ते थांबत नसत. नंतर त्यांना अशा जागी ठेवलं, जिथे एक बुटका अडथळा ओलांडला की सुटका होती. त्यातले बरेचसे कुत्रे तिथेच पडून राहिले. आपल्या करण्यानं काही फरक पडत नाही हे ते शिकले, असा निष्कर्ष तेव्हा निघाला. पण जवळजवळ 50 वर्षांनी, 2016 मध्ये, याच दोघांनी मेंदूवरच्या नव्या संशोधनाच्या आधारे स्वतःचा निष्कर्ष उलटा केला. संकट लांबलं की हातपाय गाळून बसणं ही प्राण्याची उपजत प्रतिक्रिया आहे, ती शिकावी लागत नाही. शिकावं लागतं ते, परिस्थितीचा थोडा तरी भाग आपल्या हातात आहे, हे. मेंदूच्या पुढच्या भागाला ते एकदा कळलं, की तो आतल्या घबराटीला आवर घालतो.

मला हा शोध फार मोलाचा वाटतो. खचलेल्या माणसाला आपण 'असा कसा रे तू कच्चा' म्हणतो, तेव्हा आपण चुकतो, हे त्यानं स्पष्ट केलं. आणखी एक तपशील सांगते. पडून राहिलेल्या त्या कुत्र्यांना चुचकारून, बोलावून उपयोग झाला नाही. गळ्यातल्या दोरीनं ओढत त्यांना पुन्हा पुन्हा पलीकडे नेलं, पलीकडे झटका बसत नाही हे अंगाला कळलं, मग ती आपणहून जाऊ लागली.

आम्हीही उपदेश करत नाही. तोल गेलेल्या माणसाला आम्ही जमिनीवरून उठायला शिकवतो. ऐकून लोक दचकतात, 'मुद्दाम जमिनीवर कशाला झोपू?' असं विचारतात. पण त्याची पद्धत आहे. आधी पडूनच राहायचं, घाई करायची नाही. श्वास घ्यायचा, कुठे दुखतंय ते बघायचं. जबर दुखत असेल तर हलायचं नाही, हाक मारायची. ठीक असेल तर कुशीवर वळायचं, कोपरावर भार देऊन अर्धं उठायचं, मग हात आणि गुडघ्यांवर यायचं. रांगत भक्कम खुर्चीपर्यंत जायचं. दोन्ही हात बैठकीवर ठेवायचे, जो पाय जास्त बळकट त्याचं पाऊल पुढे टेकवायचं, रेटा देऊन कंबर उचलायची आणि वळून बसायचं. लगेच उभं राहायचं नाही, जरा दम खायचा. हे जमलं की त्या माणसाची चाल बदलते. स्नायूंत बळ भरायला वेळ लागतो, ते इतक्यात आलेलं नसतं. तरीही भिंतीवरचा हात सुटतो, कारण आता पडणं म्हणजे सगळं संपणं राहिलेलं नसतं.

लकव्यात हेच आणखी ठळक दिसतं. एक हात लुळा पडला की माणूस दोन-चारदा प्रयत्न करतो, जमत नाही, मग सगळी कामं चांगल्या हातानं करू लागतो. पुढे लुळ्या हातात थोडी हालचाल परतली तरी तो वापरायचं कुणाला सुचत नाही. एडवर्ड टॉब या शास्त्रज्ञानं यावर उपचार बसवला: चांगल्या हातावर जाड मोजा चढवायचा आणि अशक्त हाताकडून रोज तासन्‌तास काम करून घ्यायचं. 222 रुग्णांवर झालेल्या चाचणीचे निष्कर्ष 2006 मध्ये आले. दोन आठवड्यांच्या उपचारानं झालेली सुधारणा वर्षभरानंतरही टिकून होती. अट एकच, मनगट आणि बोटं थोडी तरी उचलता आली पाहिजेत. ही अट मला फार महत्त्वाची वाटते. जिथे काहीच हलत नाही, तिथे जिद्दीच्या गोष्टी सांगणं निर्दयपणाचं आहे. तिथे आधी दुसरी मदत लागते. झोप उडाली, जेवण सुटलं, जगणं नकोसं झालं असेल तर डॉक्टरकडेच जायला हवं. आणि संकट कुणाच्या अन्यायामुळे आलेलं असेल तर सोसणाऱ्याला सोशिकपणा शिकवू नका, अन्याय थांबवा.

मुरलीकांत पेटकरांचं नाव तुम्ही ऐकलं असेल. 1965 च्या युद्धात त्यांना गोळ्या लागल्या, कमरेखालचं अंग गेलं. 1972 मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये त्यांनी 50 मीटर फ्रीस्टाइल पोहण्यात सुवर्णपदक जिंकलं. आपण टाळ्या वाजवतो त्या 1972 साठी. माझ्या मनात मधली सात वर्षं असतात. पोहणं त्यांच्याकडे आधी उपचार म्हणून आलं. सैन्यात मुष्टियुद्ध गाजवलेल्या माणसानं पहिल्यांदा पाण्यात उतरताना कुणाचा तरी खांदा धरला असेल, असं मला नेहमी वाटतं.

त्या खांद्याबद्दल बोलायलाच हवं. हवाई बेटांपैकी कवाई बेटावर 1955 साली जन्मलेल्या 698 मुलांचा एमी वर्नर आणि रूथ स्मिथ यांनी अनेक दशकं मागोवा घेतला. गरिबी, घरातली भांडणं, आईवडिलांचे आजार अशा अनेक अडचणी ज्यांच्या वाट्याला एकदम आल्या, त्यांच्यातलीही सुमारे एक तृतीयांश मुलं सावरलेली, कर्ती माणसं झाली. या मुलांच्या आयुष्यात निदान एक मोठं माणूस पाठीशी होतं. आजी, मावशी, शिक्षक, कुणीही. किशोरवयात भरकटलेल्यांपैकीही बरेच जण पुढे तिशी-चाळिशीत सावरले. म्हणून 'आता याचं काही होणार नाही' हे वाक्य कुणाही मुलाबद्दल बोलू नका.

पाठीशी उभं राहायचं म्हणजे काय, हे मात्र आपल्याला नीट जमत नाही. लकवा झालेले गृहस्थ शर्टाची बटणं लावत बसतात. बोटं घसरतात, काज सापडत नाही. बायकोला बघवत नाही, 'राहू द्या हो, मी लावते' म्हणत ती पुढे होते. ती प्रेमानंच म्हणते, पण दिवसातली एकुलती एक गोष्ट जी त्यांच्या हातात होती, ती जाते. अशा वेळी शेजारी बसा. वरचं बटण दिसत नाही, म्हणून मधल्यापासून सुरू करू द्या. ते लागलं की बाकीची तुम्ही लावून टाका, त्यांना दमवू नका. दुसऱ्या दिवशी दोन बटणं त्यांची. तुमच्या घरी असं कुणी असेल तर प्रश्न आधी तुम्ही विचारा, मी वेळ राखून ठेवलाय.