फॉर्मवरचा तो रकाना

नमस्कार मंडळी. अध्यक्षांनी मला पाच मिनिटं दिलीत. वऱ्हाडी माणसाला एवढी तर घसा खाकरायलाच लागतात.

परवा लेकीच्या शाळेचा फॉर्म भरत होतो. आईवडील सापडले नाहीत तर कोणाला फोन करायचा, असा एक रकाना. लेक म्हणाली, "बाबा, जवळ राहणारं कोणी लिहा ना. आहे का आपलं असं कोणी?"

दारव्ह्याजवळच्या आमच्या गावात एसटीतून उतरलं की पारावरचा म्हातारा विचारणारच, "कोनाचा गा तू?" आजोबांचं नाव सांगितलं की पुढचं तोच सांगायचा: वावर किती, आत्या कुठं दिली, सगळं. दहावीत माझं गणित राहिलं ते माझ्याआधी घरी कळलं होतं. तेव्हा वाटायचं, कोणी ओळखत नाही अशा शहरात जाऊन राहावं. राहतोय बाप्पा!

२०१८ मध्ये इथं ब्रिटनमध्ये एकाकीपणाच्या प्रश्नासाठी मंत्री नेमला, २०२१ मध्ये जपाननंही. आईला फोनवर सांगितलं, तर म्हणते, "त्याच्या घरी तरी कोनी चाय प्याले जाते का?"

हसा. पण तान्ह्या पोळ्याला लाकडी बैल ओढत कोणाच्याही ओसरीवर चढून बोजारा, म्हणजे खाऊ-पैसे, मागणारे आपण, इथं मराठी घराची बेल वाजवायलाही आधी मेसेज टाकतो. जेवायला बोलवायचं तर सहा आठवडे आधी तारीख. आत्तासुद्धा बघा, नागपूर-अमरावती या टेबलाला, पुणेकर त्या. मी काही वेगळा नाही. मागे अवचित बेल वाजली तर आधी टीव्हीचा आवाज कमी केला. कुरियरवाला होता.

त्या रकान्यात शेवटी आपल्या चिटणीसांचं नाव टाकलं. त्यांना हे आत्ता, इथंच कळतंय.

बरं, गाव तरी तसं राहिलंय का? आजोबा गेले तेव्हा शेजारची पोरगी रोज जेवणं झाली की गोधडी काखेत मारून आजीच्या सोबतीला झोपायला यायची. तिला कोणी बोलावलं नव्हतं. आता आई एकटी आहे, आणि शेजारच्या घराला कुलूप, पोरं हिंजवडीत. मी मोबाइलवर दिसणारा कॅमेरा बसवून दिला. रात्र झाली की ती त्यावर दुपट्टा टाकते. विचारलं तर म्हणते, "पाहून काय करशीन? येनार हायेस का?"

यावर काय बोलायचं, तुम्हीच सांगा.