बग्गी पुढे कुणाची?

श्रोतेहो, नमस्कार. स्वतःच्या सासऱ्याशी युद्ध करायला निघालेल्या जावयाची ही गोष्ट. कारण काय, तर बग्गीचा नंबर!

साल १६६१, सप्टेंबरचा शेवट. स्वीडनचा नवा राजदूत लंडनला टॉवर किल्ल्याजवळच्या धक्क्यावर बोटीतून उतरणार होता. अशा वेळी बाकीच्या राजदूतांनी स्वागताला आपापली बग्गी पाठवायची, असा रिवाज. सगळ्यात पुढे इंग्लंडच्या राजाची बग्गी, मग पाहुण्याची. खरा मान त्यामागच्या जागेचा. तो फ्रान्सचा की स्पेनचा? पुण्यात विसर्जनाच्या मिरवणुकीत मानाच्या गणपतींचा क्रम जसा कुणी मोडत नाही, तसाच हा मामला. फरक इतकाच, की इथे क्रम ठरलेलाच नव्हता.

तंटा होणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. राजा दुसरा चार्ल्स याने आपल्या प्रजेला बजावलं, की कुणी मध्ये पडायचं नाही. (मोठा धूर्त माणूस!) सॅम्युअल पेपिस हा सरकारी कारकून मुद्दाम गंमत बघायला गेला आणि रात्री रोजनिशीत सगळं लिहून ठेवलं. तो म्हणतो, फ्रेंच चौपट होते, जवळ पिस्तुलंही होती. स्पॅनिशांकडे एकही नाही. पण त्यांनी डोकं लढवलं होतं. घोडे बग्गीला जोडायच्या चामडी पट्ट्यांच्या आत त्यांनी लोखंडी साखळ्या घातल्या होत्या. फ्रेंचांनी पट्टे कापायचे म्हटलं तरी कापणार कसे? उलट त्यांचेच घोडे मारले गेले, माणसंही पडली. स्पेनची बग्गी नागव्या तलवारींच्या पहाऱ्यात पुढे निघाली आणि लंडनकरांनी जल्लोष केला. पेपिस तेवढ्यावर थांबला नाही. फ्रेंचांचे चेहरे बघायला त्यांच्या वकिलातीपर्यंत गेला. तिथे सगळे मेल्यासारखे गप्प.

तिकडे फ्रान्सचा राजा चौदावा लुई भडकला. वय तेवीस, राज्यकारभार नुकताच स्वतःच्या हातात घेतलेला. स्पेनची राजकन्या आदल्याच वर्षी त्याची राणी झालेली. तरी त्याने स्पॅनिश राजदूताला देशाबाहेर काढलं आणि सासऱ्याला, चौथ्या फिलिपला, युद्धाची धमकी दिली. थकलेल्या स्पेनला ते परवडणारं नव्हतं. मार्च १६६२ मध्ये लूव्हर राजवाड्यात, इतर देशांच्या राजदूतांसमोर, स्पेनच्या वकिलाने सांगितलं, की फ्रेंच राजदूत असेल त्या समारंभात आमचा राजदूत त्याच्याशी बरोबरी करायला येणार नाही.

बारकाईने पाहिलं, तर ‘तुमचा मान मोठा’ असं स्पेनने कुठेच कबूल केलं नाही. लुईने मात्र तोच अर्थ घेतला आणि पुढे व्हर्सायच्या आरसेमहालाच्या छतावर हा प्रसंग चित्रकार ल ब्रँकडून रंगवूनही घेतला.